रेषेचा धनी कोण?

कारखान्याचा पट्टा पडला की पाटोद्याच्या वाटांवर पुन्हा माणसं दिसू लागतात. दिवाळीच्या आगेमागे उचल घेऊन ऊसतोडीच्या टोळीबरोबर गेलेली कुटुंबं चैत्र-वैशाखात ट्रॅक्टरच्या ट्रॉल्यांतून परततात. भांड्यांचं गाठोडं, शेळी, कोंबड्यांचं डालगं, आणि पाच-सहा महिन्यांची शाळा बुडालेली पोरं. अशीच एक सहावीतली मुलगी गेल्या वर्षी माझ्या चित्रकलेच्या तासाला आली आणि काही न बोलता तिनं वही पुढं केली.

साधी एकरेघी वही. मागची सात पानं पट्टीनं आखलेली, पानावर सहा-सहा चौकटी. पहिल्या पानावर रात्रीचा ट्रक आणि त्याच्या उजेडात उभी असलेली माणसं. मग उसाच्या वाढ्यांनी शाकारलेली खोपी. आईचा कोयता एका चौकटीत वर गेलेला, पुढच्या चौकटीत खाली आलेला. बापाचं तर तोंडच नाही. फक्त पाय दिसतात, ट्रकला लावलेल्या अरुंद फळीवरून चढणारे, फळी मधोमध वाकलेली. डोक्यावरची मोळी किती जड आहे हे त्या वाकलेल्या फळीवरून कळत होतं. पाचटावर झोपलेला धाकटा भाऊ. आणि एक चौकट पेन्सिलीनं घासून घासून अख्खी काळी केलेली, मध्ये एक पिवळा ठिपका.

“हे काय गं?” मी विचारलं.

“बॅटरी हाय, सर. पहाटं गाडी भरत्यात तव्हाची.”

“आणि ह्या चौकटी कशाला पाडल्यास?”

“एका चित्रात सगळं मावंना, सर.”

मी तीस वर्षं चित्रकला शिकवतो. चित्रकथा म्हणजे काय, याचं इतकं नेमकं उत्तर मला कुठल्याच पुस्तकात सापडलेलं नाही. एका चित्रात सगळं मावत नाही तेव्हा माणूस दुसरी चौकट आखतो, आणि दोन चौकटींमधल्या कोऱ्या पट्टीत वेळ सरकू लागतो. कोयता वर आहे आणि खाली आला आहे, यांच्यामध्ये पडलेला घाव वाचणाऱ्याच्या मनात पडतो. तो घाव मुलीनं काढलेला नाही, तरी तो तिनंच घडवला आहे. ही लेखकाची करामत आहे. चित्रकथा काढणारा हात हा लेखकाचा हात असतो. तो दुसऱ्याच्या मजकुराला नटवणारा, सजवणारा हात नसतो. मराठी समाजानं हे कधी नीट मान्य केलं नाही. म्हणून आपल्याकडं थोर चित्रकथाकार झाले, पण मराठी चित्रकथा उभी राहिली नाही. मला जे म्हणायचं आहे ते एवढंच, आणि ते मी एका माणसाच्या हातापासून सुरू करतो.

तो हात राम वाईरकर यांचा. १९६७ मध्ये अनंत पै यांनी ‘अमर चित्र कथा’ ही मालिका सुरू केली. त्यामागची हकीकत सर्वांना ठाऊक आहे: दूरचित्रवाणीवरच्या प्रश्नमंजूषेत मुलांना ग्रीक देवांची नावं सांगता आली, पण रामाच्या आईचं नाव सांगता आलं नाही. पहिले दहा अंक परदेशी परीकथांचे होते. अकरावा अंक ‘कृष्ण’. भारतीय कथांची खरी सुरुवात त्या अंकापासून झाली, आणि त्यातला कृष्ण वाईरकरांनी काढला. पुढं या मालिकेचे चारशेहून अधिक अंक निघाले, ते वीसच्या आसपास भाषांत गेले, घराघरांत पोचले. आज पन्नाशीत असलेल्या कुणालाही डोळे मिटून बालकृष्ण आठवायला सांगा. त्यातल्या अनेकांच्या डोळ्यांसमोर जी आकृती येईल तिची जीवणी, तिच्या कमरेची मुरड वाईरकरांच्या शाईतून आलेली असेल. हे त्यांना माहीतही नसतं.

त्याच हातानं पुढं अगदी वेगळी गोष्ट केली. १९८० च्या नोव्हेंबरात ‘टिंकल’ हे मुलांचं नियतकालिक निघालं. त्यात १९८३ मध्ये सुपांडी आला. ती मूळ गोष्ट तिरुचिरापल्लीच्या एका वाचकानं पाठवली होती. सांगितलेलं शब्दशः ऐकणारा आणि म्हणून सगळा घोटाळा करून ठेवणारा एक भोळा नोकर, एवढंच त्या गोष्टीत होतं. त्याला अंग दिलं वाईरकरांनी. ते निमुळतं डोकं, ती झुकलेली मान, चूक झाल्यावर चेहऱ्यावर पसरणारा तो निरागस आनंद! सुपांडीवर आपण हसतो, पण त्याचा राग येत नाही, हे संवादामुळं घडत नाही, रेषेमुळं घडतं. देवाची आकृती आणि वेंधळ्या नोकराची आकृती या दोन टोकांना एकच माणूस सारख्याच ममतेनं हात घालतो, ही फार मोठी प्रतिभा आहे. २००३ मध्ये वाईरकर गेले. त्यांच्या मुलीनं, अर्चना आंबेरकर यांनी, सुपांडी पुढं काढत ठेवला. मुलगा संजीव हेही चित्रकार. एका घरात रेषेचा वारसा असा चालू राहिला. तरी शंभर जणांना विचारा, सुपांडी ओळखणारे नव्वद निघतील आणि वाईरकर ओळखणारे दोनही निघणार नाहीत.

ज्यांना हे काम ‘फक्त चित्रं काढणं’ वाटतं त्यांनी एक चौकट स्वतः काढून पाहावी. समजा, लिहून आलेल्या संहितेत एवढंच वाक्य आहे: ‘राजाला राग आला.’ आता राजा किती वयाचा? बसलाय की उभा राहिलाय? राग त्याच्या भुवईत दाखवायचा, मुठीत दाखवायचा, की दरबाऱ्यांच्या खाली गेलेल्या माना दाखवून राजाला पाठमोराच ठेवायचा? आपण त्याच्याकडं खालून पाहायचं की वरून? उजेड कुठल्या बाजूचा? बोलण्याचा फुगा कुठं ठेवला म्हणजे वाचणाऱ्याचा डोळा आधी राजाकडं आणि मग खंजिराकडं जाईल? नाटकात ही कामं दिग्दर्शक, नट, नेपथ्यकार, वेशभूषाकार, प्रकाशयोजनाकार मिळून करतात. चित्रकथेत ती एक माणूस करतो, पानावर सहा वेळा, बत्तीस पानांच्या अंकात दोनशेच्या आसपास वेळा. आधी पेन्सिलीचा कच्चा आराखडा, मग ब्रशनं किंवा निबनं शाई, मग रंगाची सूचना. नाटकाच्या दिग्दर्शकाचं नाव आपण जाहिरातीत मोठ्या अक्षरांत छापतो. हा माणूस मात्र ‘चित्रं: अमुक’ एवढ्यावर समाधान मानत आला.

वाईरकर एकटे नव्हते. ‘टिंकल’मधला शिकारी शंभू वसंत हळबे यांनी उभा केला, डोळ्यांवर टोपी ओढलेला तो भित्रा शिकारी; त्याचे डोळे दिसत नाहीत आणि तरी तो घाबरलाय हे आपल्याला कळतं. कालिया कावळा प्रदीप साठे यांचा. पुण्याच्या प्रताप मुळीकांनी ‘अमर चित्र कथे’चे कितीतरी अंक रेखाटले; अमिताभ बच्चन यांना नायक करून निघालेला ‘सुप्रीमो’ त्यांनीच काढला; आणि १९८६ मध्ये दिल्लीच्या राज कॉमिक्सनं नागराज आणला, तेव्हा त्याचं पहिलं रूपही मुळीकांच्याच हातून उतरलं. उत्तर भारतातल्या पोरांच्या दोन पिढ्या ज्या नागराजवर जीव टाकत होत्या, त्याला शरीर मिळालं ते एका मराठी चित्रकाराकडून. दिलीप कदमांनी त्याच प्रकाशनासाठी भोकाल काढला, आणि ‘अमर चित्र कथे’साठी बाबासाहेब आंबेडकरांचं चरित्र काढलं. तो अंक १९७९ चा. पाण्याच्या माठापासून दूर बसवलेलं मूल कितीतरी घरांतल्या मुलांनी पहिल्यांदा पाहिलं ते चित्रात, धड्यात नंतर.

ही नावं एका ओळीत ठेवली की मला आमची मांजरा आठवते. मांजरा नदी आमच्याच तालुक्यात बालाघाटाच्या डोंगरात, गौखाडीपाशी उगम पावते. पाणी पुढं धनेगावच्या धरणात अडतं, लातूरची तहान भागवतं, तेलंगणापर्यंत जातं. उगम आमचा आणि आमच्याच पठाराला टँकर. ऊसतोडीचंही तेच: हात इथले, साखर तिथली. आणि चित्रकथेचंही तेच झालं. हात मराठी, पण पीक उभं राहिलं इंग्रजीत आणि हिंदीत. मराठीत ते पोचलं भाषांतर होऊन, परगावाहून आल्यासारखं.

याचा अर्थ मराठीला चित्रांची गोडी नव्हती असा नाही. १९६४ पासून इंद्रजाल कॉमिक्सचा वेताळ मराठीत वाचला गेला. चांदोबाची वाट तालुक्याच्या गावांत महिनाभर पाहिली जायची. दीनानाथ दलाल आणि रघुवीर मुळगावकरांची मुखपृष्ठं लोक कापून भिंतीवर लावत. शि. द. फडणिसांनी एकही शब्द न लिहिता अख्ख्या महाराष्ट्राला हसवलं. १९९१ च्या नोव्हेंबरात चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकरांचा ‘चिंटू’ दैनिकात सुरू झाला आणि वर्षानुवर्षं लोकांनी पेपर उघडून आधी त्याचीच चौकट पाहिली. म्हणजे वाचक होता, चित्रकार होते, मासिकं होती, दिवाळी अंकांची १९०९ च्या ‘मनोरंजन’पासूनची परंपरा होती. नव्हती ती एक समजूत: की चित्रांतून सांगितलेली दीर्घ गोष्ट हेही साहित्यच असतं. त्या एका समजुतीच्या अभावी दिवाळी अंकातलं चित्र मुखपृष्ठावर राहिलं, कथेच्या डोक्यावर राहिलं, हास्यचित्र होऊन कोपऱ्यात राहिलं. चाळीस पानांची कादंबरिका छापणाऱ्या संपादकाला चाळीस पानांची चित्रकथा छापावी असं सुचलं नाही.

आणि ही समजूत तर आपल्या मातीत होती! आमच्या मराठवाड्याच्या वेशीवर अजिंठ्याची लेणी आहेत. सतराव्या लेण्यात वेस्संतर राजपुत्राची गोष्ट भिंतभर चालत जाते: तोच राजपुत्र इथं निरोप घेतो आहे, पुढं रथात बसला आहे, त्यापुढं दान देतो आहे. एकाच भिंतीवर तोच माणूस पुन्हा पुन्हा, कारण त्या अनाम चित्रकारालाही एका चित्रात सगळं मावत नव्हतं. गोदाकाठच्या पैठणच्या नावानं ओळखली जाणारी चित्रकथी परंपरा तर सरळसरळ सुट्या पानांची पोथी आहे. एकेक पान वर उचलायचं आणि गात गात रामायण-महाभारत सांगायचं. सिंधुदुर्गातल्या पिंगुळीच्या ठाकर समाजानं ती जिवंत ठेवली, आणि २०२१ मध्ये परशुराम गंगावणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा अनेकांना ती पहिल्यांदा कळली. असा वारसा असलेल्या भाषेत चित्रकथा ‘पोरांचं खेळणं’ समजली जावी, याचं मला वाईट वाटतं.

आता थोडं लांब जाऊ. ब्राझीलच्या ईशान्येला पाराइबा नावाचं राज्य आहे. बोर्बोरेमाच्या पठारावर कांपिना ग्रांदे हे शहर आहे. पलीकडं दुष्काळी मुलूख, एके काळी कापसाच्या व्यापारावर वाढलेलं गाव. वर्णन ऐकून बालाघाटावरच्या माणसाला ते परकं वाटणार नाही. तिथं १९६३ मध्ये देओदातो बोर्जेस नावाच्या पत्रकारानं ‘फ्लामा’ या आपल्या रेडिओवरच्या नायकाची चित्रकथा काढली. त्याच वर्षी त्याला मुलगा झाला. मुलगा बापाच्या हाताकडं बघत वाढला, चित्रकार झाला. नव्वदच्या दशकात अमेरिकी प्रकाशकांना ब्राझीलचे चित्रकार मिळवून देणाऱ्या एका संस्थेमार्फत त्याला काम मिळालं. पण अमेरिकी वाचकाला नाव ओळखीचं वाटावं म्हणून त्याच्या नावापुढं ‘माइक’ लावण्यात आलं. माइक देओदातो १९९४ पासून ‘वंडर वुमन’ काढू लागला, पुढं हल्क, स्पायडरमॅन, अ‍ॅव्हेंजर्स. जगातल्या नामवंतांत त्याची गणना झाली. तो राहिला आपल्या पाराइबातच. मला त्याच्याबद्दल आदर आहे. दुष्काळी पठारावरच्या पोराचा हात जगाच्या तोडीचा असतो याचा तो पुरावा आहे. पण त्या ‘माइक’ शब्दापाशी मी थांबतो. हात चालला, नाव चाललं नाही. आणि ज्या नायकांना त्यानं रूप दिलं ते सगळे परक्या शहरांतले.

त्याच देशातला दुसरा माणूस मार्सेलो द’सालेते. जन्म १९७९ चा, साओ पावलोतला, कृष्णवर्णीय, आणि व्यवसायानं माझ्यासारखाच शाळेतला कलाशिक्षक. त्यानं परक्यांचे महानायक काढले नाहीत. सतराव्या शतकात उसाच्या मळ्यांतून पळालेल्या गुलामांनी डोंगरात पाल्मारेस नावाची आपली वस्ती वसवली होती. पोर्तुगीजांनी ती १६९४ मध्ये मोडली, तिचा नेता झुंबी याला १६९५ मध्ये मारलं. त्या वस्तीची गोष्ट द’सालेतेनं ‘अंगोला जांगा’ या ग्रंथात चित्रांनी सांगितली. अकरा वर्षं तो त्या कामात होता. गुलामांच्या प्रतिकाराच्या छोट्या कथांचं त्याचं ‘कुंबे’ हे पुस्तक इंग्रजीत गेलं आणि २०१८ मध्ये त्याला चित्रकथेच्या जगातला मानाचा आयझनर पुरस्कार मिळाला. आपल्या माणसांची गोष्ट, आपल्या भाषेत, आपल्या नावानं, आणि जग त्याच्या दारात आलं.

तिथली गुलामगिरी आणि इथली ऊसतोड एक नव्हे; तसं म्हणणं दोन्ही दुःखांवर अन्याय करणारं होईल. पण एक गोष्ट दोन्हीकडं सारखी आहे: गोड पिकामागच्या कडू माणसाला पुस्तकांत तोंड नाही. ते तोंड त्याला तिथं एका कलाशिक्षकानं पेन्सिलीनं दिलं. तिथं हे शक्य झालं याला कारण आहे. ३० जानेवारी हा ब्राझीलमध्ये राष्ट्रीय चित्रकथा दिन मानतात, कारण १८६९ मध्ये त्या दिवशी आंजेलो आगोस्तिनीची पहिली चित्रकथा छापून आली. मौरिसिओ द सौझाच्या लोकप्रिय पात्रांमध्ये शिकू बेंतु नावाचा एक खेडवळ पोरगा आहे. तो खेड्यातल्याच बोलीत बोलतो, आणि अख्ख्या देशातली मुलं ती बोली वाचत मोठी होतात. म्हणजे द’सालेतेच्या आधी दीडशे वर्षं तिथं पान तयार होतं. माझ्या विद्यार्थिनीच्या हातात पेन्सिल आहे, डोळा आहे, गोष्ट आहे, बोली आहे. पान नाही.

यावर मला तीन आक्षेप नेहमी ऐकायला मिळतात. पहिला: चित्रांची सवय लागली की पोरं वाचत नाहीत. माझा अनुभव उलटा आहे. सहा महिने शाळेपासून तुटलेल्या पोराच्या हातात थेट धडा दिला तर ते वही मिटून बसतं. चौकटी असलेलं पान दिलं तर आधी चित्र बघतं, मग फुग्यातली दोन अक्षरं लावतं, मग पान उलटतं. चित्र ही अक्षराकडं जाणारी पायवाट आहे. आणि ती फक्त पोरांची वाट नव्हे. २०११ मध्ये दुर्गाबाई आणि सुभाष व्याम या गोंड चित्रकार दांपत्यानं काढलेलं ‘भीमायन’ निघालं. त्यात चौकटींच्या सरळ रेघाच नाहीत, गोंड नक्षीच पानाचे भाग पाडते. ते पुस्तक मोठ्या माणसांनी वाचलं आणि ती अस्वस्थ झाली.

दुसरा आक्षेप: आता यंत्र चित्र काढून देतं, सांगितलं की क्षणात, मग चित्रकार कशाला? यंत्राला ‘ऊसतोड कामगार’ म्हणून सांगा; ते हिरवागार फड आणि घामेजलेला चेहरा देईल. ती वाकलेली फळी देणार नाही. पहाटेची काळी चौकट आणि बॅटरीचा ठिपका देणार नाही. कारण त्या काळोखात ते उभं नव्हतं, ती मुलगी उभी होती. यंत्र आधी निघालेल्या चित्रांतून चित्र बनवतं. आणि आमची चित्रं तर आधी कुणी काढलेलीच नाहीत. ज्यांची चित्रं नाहीत त्यांना यंत्राच्या युगात आणखीच पुसलं जाण्याची भीती आहे. म्हणून आपली चित्रं आपल्या हातानं काढून ठेवण्याची गरज आज वाढली आहे.

तिसरा आक्षेप पैशाचा: मराठीत खप किती, चित्रकाराला परवडणार कसं? हा खरा आक्षेप आहे आणि तो मी हलक्यात घेत नाही. आमच्या पाटोद्यात पूर्वी दुकानांच्या पाट्या रंगवणारे पेंटर होते. फ्लेक्स आला आणि त्यांचे ब्रश वाळून गेले. त्यांच्यातल्या काहींचा अक्षरावरचा हात असा होता की मी मुलांना त्या पाट्या बघायला पाठवत असे. पण त्या पेंटरांची एक गोष्ट माझ्या मनात पक्की बसली आहे. पाटी किराणा दुकानाची असो की पिठाच्या गिरणीची, उजव्या कोपऱ्यात खाली बारीक अक्षरांत त्यांचं नाव असायचंच. दुकान मालकाचं, पाटी मालकाची, पण अक्षर माझं, हे सांगण्याची रीत त्यांना कुणी शिकवली नव्हती. त्या नावावरून पुढचं काम मिळायचं. नाव ही नुसती प्रतिष्ठा नव्हे, नाव ही रोजीरोटी आहे.

चित्रकथेच्या इतिहासात नेमकं हेच हरवलं. अमेरिकेत सुपरमॅन निर्माण करणाऱ्या दोन पोरांनी, जेरी सीगल आणि जो शुस्टर यांनी, १९३८ मध्ये त्याचे हक्क १३० डॉलरना विकून टाकले. पुढं त्या पात्रावर कंपन्या उभ्या राहिल्या आणि हे दोघे हालात राहिले. १९७५ मध्ये लोकांनी आवाज उठवल्यावर त्यांचं नाव परत छापलं जाऊ लागलं आणि वार्षिक मानधन सुरू झालं. आपल्या देशात १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५७ सांगतं की हक्क विकले तरी कलाकृतीवर आपलं नाव सांगण्याचा अधिकार निर्मात्याकडंच राहतो. विज्ञान भवनातल्या भित्तिशिल्पाच्या प्रकरणात २००५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं अमरनाथ सेहगल यांच्या बाजूनं हे कलम ठामपणे उचलून धरलं. कायदा आहे. तो आमच्या पोरांना माहीत नाही, आणि बऱ्याच छापणाऱ्यांना माहीत असून सोयीचा नाही. माझ्या तरुणपणी मी एका स्मरणिकेसाठी अठरा चित्रं काढून दिली होती. छापून आली तेव्हा छपाई करणाऱ्याचं नाव होतं, माझं नव्हतं. पैसे मिळाले नाहीत याचं दुःख चार दिवसांत विरलं. नावाचं अजून आहे.

म्हणून माझ्या मागण्या भावनेच्या नाहीत, हिशेबाच्या आहेत. शासनाच्या एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट परीक्षांत स्मरणचित्र हा विषय असतो. पोरं बाजाराचं, पोळ्याचं, पाणवठ्याचं दृश्य आठवून काढतात. तिथं एका दृश्याऐवजी चार चौकटींची गोष्ट काढण्याचा पर्याय द्यावा. जास्तीचा कागद लागणार नाही, जास्तीचा शिक्षक लागणार नाही, आणि दरवर्षी राज्यभरातली मुलं निदान एकदा तरी चित्रांतून विचार करायला शिकतील. बालभारतीचं ‘किशोर’ १९७१ पासून मुलांच्या हातात आहे. त्यानं जिल्ह्या-जिल्ह्यांतल्या बोलींतल्या, तिथल्याच चित्रकारांच्या दीर्घ चित्रकथा क्रमशः छापाव्यात. दिवाळी अंकांच्या संपादकांनी कथा, कविता, लेख या अनुक्रमणिकेत चित्रकथा हा चौथा स्तंभ घालावा, पानांच्या हिशेबानं कथाकाराइतकंच मानधन द्यावं, आणि चित्रकाराचं नाव लेखकाच्या शेजारी, त्याच आकारात छापावं. साहित्यसंस्थांच्या पुरस्कारांत चित्रकथेला जागा असावी. शासकीय कला महाविद्यालयांत उपयोजित कलेच्या विद्यार्थ्याला जाहिरात जितक्या आस्थेनं शिकवतात तितक्याच आस्थेनं चित्रकथा शिकवावी.

आणि एक मागणी माझ्यासारख्या शिक्षकांकडं. आपण वर्षानुवर्षं पोरांकडून दोन डोंगर, मधला सूर्य, नदी आणि झोपडी काढून घेत आलो. बालाघाटाच्या पायथ्याशी राहणाऱ्या पोराला डोंगर कसा असतो हे आपण सांगायची गरज नव्हती. त्यानं सौताड्याचा धबधबा पाहिलेला असतो, उन्हाळ्यात काळवंडलेले कडे पाहिलेले असतात, सीताफळीच्या झुडपांत शेळ्या राखलेल्या असतात. आपण त्याचा डोळा पुसला आणि त्यावर छापील डोंगर चिकटवला. वाईरकरांच्या पिढीनं देवांना चेहरे दिले, मुळीकांनी महानायकांना दिले. त्यांचं ऋण मान्य करूनही आता म्हणायला हवं की पुढचा चेहरा मुकादमाचा, टोळीतल्या बाईचा, टँकरमागं धावणाऱ्या म्हातारीचा आणि पाचटावर झोपलेल्या पोराचा असावा. तो काढणारा बाहेरून येणार नाही. तो आपल्याच वर्गात शेवटच्या बाकावर वहीच्या मागच्या पानावर काहीतरी काढत बसलेला आहे, आणि आपण त्याला ‘वही खराब करू नकोस’ म्हणून रागावतो आहोत.

रेषेचा धनी कोण, या प्रश्नाचं उत्तर माझ्यापुरतं स्पष्ट आहे. जो काढतो तो. छापणारा छपाईचा धनी, विकणारा दुकानाचा धनी. रेषेवरचं नाव काढणाऱ्याचंच.

त्या मुलीची सात पानं मी तिला परत दिली तेव्हा शेवटच्या पानावर खाली उजव्या कोपऱ्यात तिचं पूर्ण नाव आणि गावाचं नाव तिच्याकडून लिहून घेतलं. यंदा दिवाळीला पुन्हा टोळ्या निघतील, आणि त्याच सुमारास तुमच्या हातात नवे कोरे दिवाळी अंक पडतील. अंक उघडाल तेव्हा चित्रापाशी थांबा आणि त्याखालचं नाव वाचा. नाव छापलेलं नसेल तर संपादकांना एक पोस्टकार्ड टाका आणि विचारा, हे चित्र कुणी काढलं?